रूबेनची वाटी

पेटाऱ्यातून एकवीस भांडी निघाली. दोन पातेली, एक परात, एक पितळी खलबत्ता, तीन पळ्या, एक गाळणं, एक तबक, चार पेले आणि आठ वाट्या. सहा वाट्या स्टीलच्या, एकसारख्या. उरलेल्या दोन काशाच्या, अगदी लहान, जुळ्या वाटाव्यात अशा. ही सगळी भांडी वर्षभर जुन्या चादरीत बांधून माळ्यावरच्या या पेटाऱ्यात असत आणि पेसाहच्या, म्हणजे वल्हांडण सणाच्या, आदल्या दिवशी खाली येत. त्या सणात खमीर लागलेलं कुठलंही भांडं आमच्याकडे चुलीजवळ चालत नाही.

"जेवायला आपण दोघीच," मी म्हटलं. "एवढ्या वाट्या कशाला काढल्या?"

"काशाच्या वेगळ्या ठेव," मिल्काआत्या म्हणाली. "एक माझी आहे आणि एक रूबेनची."

रूबेन तिचा धाकटा भाऊ. माझ्या आजोबांच्या वरचा, घरातला पहिला मुलगा. सहा वर्षांचा असताना, याच घरात, पेसाहच्या पहिल्या संध्याकाळी तो गेला. त्याच्या नावाची वाटी अजून मांडली जाते हे ठाण्याला आमच्याकडे सगळ्यांना माहीत होतं. फक्त त्याबद्दल बोलताना आवाज खाली यायचा.

या गोष्टीला आता बरीच वर्षं झाली. मी तेव्हा जीवरसायनशास्त्राची पदवी नुकतीच घेतली होती आणि ज्याला-त्याला प्रश्न विचारत सुटले होते. मिल्काआत्या खरं तर बाबांची आत्या, पण आमच्याकडे लहानथोर सगळे तिला आत्याच म्हणत. म्हसळ्याच्या शाळेत तिनं चाळीसेक वर्षं गणित शिकवलं, लग्न केलं नाही आणि गाव सोडलं नाही. एके काळी त्या गावात आम्हा बेने इस्राएलांची, मराठी ज्यूंची, अकरा घरं होती. शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून लोक आम्हाला शनवार तेली म्हणत. कोणी मुंबईला गेलं, कोणी इस्राएलला, आणि शेवटी आत्या एकटी उरली. त्या हिवाळ्यात ती विहिरीपाशी घसरून पडली आणि शेजारची हसीनाभाभी येईपर्यंत तिथेच पडून राहिली. म्हणून मला पाठवलं होतं. कामं दोन होती. आईला हरोसेतचं, सणातल्या खजुराच्या गोड चटणीचं, नेमकं प्रमाण हवं होतं, कारण आत्या सगळं अंदाजानं करायची. आणि बाबांना आत्या ठाण्याला हवी होती.

"तू विज्ञान शिकलीस," बाबा म्हणाले होते. "तुझं ऐकेल."

पोचले त्याच संध्याकाळी मी विषय काढला. आत्या चिडली नाही. तिनं भिजत घालायचे खजूर निवडता निवडता सांगितलं, की यायला तिची हरकत नाही, ठाण्याला सभास्थान जवळ आहे, दवाखाना जवळ आहे, हे तिलाही समजतं. एकच गोष्ट राहिली आहे.

"रूबेननं वाटीतलं घेतलं की येते. वाट बघायला लावलेल्या पोराला कुलूप दाखवायचं नसतं."

"आजवर कधी घेतलंय?"

"नाही. रागावलाय तो," ती म्हणाली. समोरच्या घरातला कुणीतरी रुसून बसलाय असं सांगावं, तशी.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी माझा वजनकाटा काढला. स्वयंपाकघरात वापरतात तसलाच, बॅटरीवरचा, एकेक ग्रॅम दाखवणारा. आत्यानं त्याच्याकडे मेलेल्या पालीकडे बघावं तसं बघितलं.

"याच्यावर मैदा तोलला असशील."

"पुसलाय, आत्या."

"पुसून खमीर जात नाही. लांब ठेव तो."

शेवटी तोड निघाली. परसातून केळीचं पान आणायचं, ते काट्यावर पसरायचं, आणि पानावर भांडं. पानासकट काटा शून्यावर आणता येतो हे दाखवल्यावर तिच्यातल्या गणिताच्या बाईला ते थोडं आवडलंही. एक अट मात्र तिनं घातली. सूर्य मावळून सण लागला की तोलमाप बंद. दिव्यांच्या आधी काय मोजायचं ते मोजून घ्यायचं.

खजूर रात्रभर भिजून फुगले होते. आत्यानं ते हातानं कुस्करले, बिया काढल्या, फडक्यात घालून पिळले. फडक्यातून काळपट तांबडा रस पातेल्यात उतरत राहिला. परसातल्या चुलीवर तो आटवायचा, पळीला चिकटेपर्यंत. मग त्यात कुटलेला सुकामेवा. आमचे पूर्वज मिसर देशात गुलाम होते आणि विटा थापत होते, त्या विटांच्या चिखलाची ही आठवण, हे मला लहानपणापासून पाठ होतं.

"चिखलच दाखवायचा तर गोड कशाला?" मी विचारलं.

"सुटल्यावर केलाय म्हणून," आत्या म्हणाली. "ढवळ. खाली लागेल."

मी ढवळत असताना तिनं मला दाराच्या चौकटीवरची एक जागा दाखवली. पूर्वी पेसाहला बकरं कापलं की घरातला कर्ता पुरुष त्याच्या रक्तात पंजा बुडवून कागदावर उमटवायचा आणि तो हात दारावर लागायचा. मिसरमध्ये मरणदूत घराघरातला पहिला मुलगा नेत फिरला, आणि ज्या दारांवर रक्ताची खूण होती ती दारं ओलांडून पुढे गेला. त्याची ती आठवण. रूबेनच्या साली हात लावायचं काम आत्याला मिळालं होतं. ती नऊ वर्षांची होती. बाकीच्या दिवसांत कागद चिकटवायला मैद्याची खळ असायची, पण सणात मैदा घरात नाही. तिनं भाताची शितं चोळून कागद लावला. वाऱ्याचे दिवस होते. सकाळी तो पायरीखाली पालथा सापडला.

"आणि रूबेन आदल्या संध्याकाळीच गेला होता," ती म्हणाली. "म्हणजे हात तेव्हाच पडला असणार. घरात पहिला मुलगा, आणि दारावर खूण नाही."

हे तिला त्या वेळी कुणी बोलून दाखवलं होतं का, असं मी विचारलं. नाही म्हणाली. कुणीच काही बोललं नाही. वडलांनी तो कागद उचलला, घडी केली आणि चुलीत घातला, आणि पुढच्या सालापासून दारावर हात लावणं बंद झालं. तिला तेवढं पुरलं.

सेदेरच्या, सणाच्या पहिल्या रात्रीच्या, जेवणात एका वेळी एलियाहू हन्नाबी या संदेष्ट्यासाठी दार उघडतात. दार उघडलं की रूबेन पडवीत एकदा खोकतो, असं तिनं मला सांगितलं. एकदाच, लहान मुलानं तोंडावर हात धरून खोकावं तसा. मग ती त्याची वाटी पडवीत नेऊन ठेवते. सकाळी वाटी भरलेली असते.

घरामागे जुनी झाडं होती, त्यांत वटवाघळं होती, आणि खोकल्यासारखे आवाज करणारे पुष्कळ प्राणी असतात.

दुपारी आम्ही काजू भाजले. परसातल्या झाडाच्याच बिया होत्या. फुटक्या पत्र्यावर बिया पसरल्या, खाली जाळ केला. थोड्या वेळात टरफलांतून तेल सुटलं आणि पेट घेऊन फसफसायला लागलं. काळा धूर, नाकात झोंबणारा. आत्यानं पत्रा काठीनं उलटा केला, वर राख टाकली, आणि आम्ही दगडानं बिया फोडायला बसलो. एक बी कच्ची राहिली होती. ती माझ्या हातात फुटली आणि चीक बोटांना लागला. जळजळ सुरू झाली.

"राख चोळ. खोबरेल लाव," आत्या म्हणाली. "शहरातली बोटं. रूबेनलाही चीक असाच उतायचा, बाधायचा. तुझी तर बोटंच उतलीत, त्याचं तोंड उतायचं."

"तोंड कसं काय? टरफल चावायचा?"

"छे. ओले काजूगर सोललेले असायचे, आई उसळीला करायची तसे. एकदा त्यानं दोनच खाल्ले आणि ओठ हे एवढे झाले. अंगावर गांधी उठल्या. चीक राहिला असेल गराला, म्हणून आईनं त्याचे काजू बंद केले."

मी बोटांना राख चोळायची थांबले. आमच्या वर्गात असली उदाहरणं गणितासारखी सोडवायला देत. मी विचारत गेले आणि आत्या सांगत गेली. तिला वाटलं मी तिच्या भावाची चौकशी करतेय, आणि ते खरंही होतं. ओले काजू खाऊन किती वेळात ओठ सुजले? तिथल्या तिथे. चीक लागला तर कातडीवर फोड यायला एखादा दिवस जातो. मग त्या संध्याकाळी आधी काय झालं? हात पडला, ती म्हणाली. मी म्हटलं, नाही, रूबेनला आधी काय झालं? तिनं आठवून सांगितलं. त्यानं हरोसेत खाल्लं, आवडलं म्हणून आणखी मागितलं. ओठ खाजवायला लागला. मग खोकला. मग आवाज बसला. काजूचा तुकडा अडकला असेल म्हणून तिच्या काकानं पाठीत थापट्या मारल्या, वैद्याला आणायला कोणी तरी धावलं. वैद्य बांधापर्यंत आला होता.

"काजूचा तुकडा," मी म्हटलं. "पण त्याचे काजू तर बंद होते."

"कच्चे बंद होते. हे भाजलेले. भाजल्यावर चीक जळून जातो, हे आमच्याकडे शेंबडं पोरसुद्धा सांगेल." तिनं सुपातला एक काजू उचलून त्याची साल नखानं काढली. "दरवर्षी हरोसेतमध्ये बदाम असायचे. माझे आजोबा मुंबईहून आणायचे. त्या साली ते आजारी पडले, बदाम आलेच नाहीत. आई नुसताच रस करणार होती. मीच म्हटलं, काजू घालू या. मीच भाजले, मीच कुटले. आईनं विचारलं, रूबेनला चालतील का? मी म्हटलं, चांगले काळे होईपर्यंत भाजलेत."

ती काजू सोलत राहिली.

"त्याच्या वाटीत मी दरवर्षी मूठभर काजू जास्तच घालते. त्यानं आणखी मागितलं होतं ना."

चुलीवर रस घट्ट व्हायला लागला होता, त्याचे बुडबुडे मोठे होऊन सावकाश फुटत होते. चीक म्हणजे टरफलातलं तेल. ते भाजल्यावर जळतं. काजूच्या आत प्रथिनं असतात, ती भाजल्यावरही बरीचशी तशीच राहतात, आणि काही मुलांचं शरीर त्यांनाच शत्रू समजतं. परीक्षेत यावर मी चार ओळींचं उत्तर लिहिलं होतं, पूर्ण गुण मिळाले होते. ते इथे सांगितलं तर आत्याच्या डोक्यावरून दारावरचा हात उतरला असता आणि त्याच जागी हे सूप बसलं असतं. हात वाऱ्यानं पाडला होता. काजू तिनं भाजले होते.

मी एवढंच म्हटलं, "हात पडला म्हणून काही झालं नाही, आत्या."

"मग कशानं झालं?"

मी पळीकडे बघत राहिले. जन्मभर तिनं वर्गात मुलं उभी केली होती. उत्तर न येणाऱ्या मुलाचं गप्प राहणं आणि येणाऱ्या मुलाचं गप्प राहणं, यांतला फरक तिला माझ्यापेक्षा जास्त कळत होता. ती सुपाकडे बघायला लागली. मग हातातल्या काजूकडे.

"भाजल्यावर चीक जातो," ती म्हणाली.

"जातो. सगळा जातो."

"आणि चिकाशिवाय आत दुसरं काही असलं तर?"

ती मला विचारत होती, आणि शाळेत विचारतात तसं, खरं उत्तर हवं म्हणून विचारत होती.

"ते राहतं," मी म्हटलं.

तिनं हातातला काजू सुपात ठेवला, फेकला नाही. पदर खोचला, उठली आणि काजूच्या झाडाखाली जाऊन उभी राहिली. पाठ माझ्याकडे. मी ढवळत होते, कारण तिनं थांबायला सांगितलं नव्हतं. हसीनाभाभीनं कुंपणापलीकडून हाक मारून सणाच्या शुभेच्छा दिल्या. आत्यानं हात वर केला, वळली नाही.

परत आली तेव्हा तिचा आवाज नेहमीचा होता.

"रस दोन पातेल्यांत काढ. एकात काजू घाल, एकात काही नको. पळ्या वेगवेगळ्या."

"दोन कशाला?"

"दोन्ही ठेवू या पडवीत. माझ्या वाटीत काजूचं, त्याच्या वाटीत बिनकाजूचं. तू म्हणतेस ते खरं, की मी म्हणत आले ते खरं, त्यालाच ठरवू दे." मग ती म्हणाली, "हातासाठी रागावला असेल तर दोन्हींना शिवणार नाही. आणि तुझा तो काटा आण. दिवे लागायच्या आत."

तिच्या काशाच्या वाटीत त्या सालानंतर कुणी काही वाढलं नव्हतं. मी दोन्ही रिकाम्या वाट्यांचं वजन केलं, मग केळीच्या पानावर ठेवून भरल्या. प्रत्येकीत साठ ग्रॅम. आत्यानं आकडा स्वतः वाकून वाचला. मग मला मांजर, उंदीर आणि मुंग्या आठवल्या. परातीत दोन बोटं पाणी घातलं, पाण्यात दोन विटा ठेवल्या, विटांवर वाट्या. वर वेताची टोपली उपडी आणि टोपलीवर वरवंटा.

"विटांवर विटांचा चिखल," आत्या म्हणाली. त्या दिवसातला तिचा तेवढाच विनोद.

सूर्य मावळला. तिनं दिवे लावले. आम्ही दोघींनी काळ्या मनुकांचं शरबत घेतलं, बेखमीर भाकरी मोडली, कडू पाला हरोसेतमध्ये बुडवून खाल्ला. सर्वांत लहान माणसानं विचारायचे चार प्रश्न मी विचारले, आणि तिनं हगादाच्या मराठी पोथीतून उत्तरं वाचली. काजूचं पातेलं मधे होतं. तिनं त्यातलं घेतलं नाही. मीही नाही.

दार उघडायची वेळ आली. पडवीच्या दाराला लाकडी अडसर होता. तो सरकवताना असा करकरायचा की कुत्री भुंकायला लागायची. मी अडसर काढला आणि दार उघडून बाजूला झाले. बाहेर अंधार होता आणि काजूच्या धुराचा वास अजून गेला नव्हता. आत्या चौकटीला धरून उभी राहिली, मान किंचित तिरकी करून. मीही ऐकत होते. लांबून खाडीचा आवाज येत होता. झाडात काहीतरी फडफडलं आणि थांबलं. आम्ही दिव्याची वात एकदा पुढे करावी लागेपर्यंत तशाच उभ्या होतो.

"आज खोकला नाही," आत्या म्हणाली.

दोघींनी मिळून परात उचलून पडवीत बाकावर ठेवली. मी टोपली आणि वरवंटा पुन्हा बघितला. दार लावलं, अडसर घातला. आत्याची खाट माझ्या खाटेला लागून होती. मला उशिरा झोप लागली, आणि लागली तेव्हा गाढ लागली. अडसर करकरलेला मी ऐकला नाही. कुत्रीही भुंकली नाहीत.

सकाळी जाग आली तेव्हा आत्या खाटेवर बसून होती. लुगडं नेसून, केस बांधून, हात मांडीवर. दार बंद होतं. ती माझीच वाट बघत होती.

"तू बघ जाऊन," ती म्हणाली. "मला नको."

मी अडसर काढला. गल्लीतलं कुत्रं भुंकलं. वरवंटा ठेवला तसाच होता, टोपलीच्या वेतात त्याचा खळगा पडला होता. परातीतल्या पाण्यात दोन मुंग्या तरंगत होत्या. विटांचा वरचा भाग कोरडा होता. मी टोपली उचलली आणि दोन्ही वाट्या हातात घेऊन आत आले. हातांना काही फरक जाणवतोय असं वाटलं, पण हातांवर विश्वास ठेवायचा नाही हे मी शिकले होते.

आत्यानं वाट्यांकडे बघितलं नाही. माझ्या तोंडाकडे बघितलं.

"काटा आण," ती म्हणाली.

"आत्या, आज सण आहे."

"आण म्हणते ना."

मी आदल्या दिवशीचंच केळीचं पान पुसून काट्यावर पसरलं. आकडा शून्यावर आणला. एकेक वाटी ठेवली, वाटीचं वजन वजा केलं, आणि खात्रीसाठी दोन्ही पुन्हा तोलल्या.

"सांग," आत्या म्हणाली.

काजूच्या वाटीत एकोणसाठ ग्रॅम होतं. रूबेनच्या वाटीत त्रेचाळीस.